रडकी खिडकी

...तं मी त्या साडीच्या दुकानाचं सांगत होती, खुशी. तिथं काचीमागं त्या बाहुल्या साड्या नेसून उभ्या राह्यतेत ना, तिथंच रूपबहार टॉकीज होती. हसू नको, लिव. टॉकीजच्या बाजूनं बायाइचं वेगळं दार, अन दाराच्या बाजूले एक लहानशी खिडकी. त्या खिडकीत आपल्या शेजारची कौसल्या बसे.

काम काय? तिकीट फाडाचं अन लेकरं सांभाळाचे. पिच्चर रंगात आला का कोणाचं ना कोणाचं लेकरू भोंगा काढे. मंग आतल्या बाया कावत, "ए, त्याले खिडकीत दे वं." खिडकीतून लेकरू थेट कौसल्याच्या मांडीवर. पिच्चर सुटला का ज्याचं त्याले वापस. आज जे मोठे मोठे साहेब होऊन फिरून राह्यले, त्यातले अर्धे तिच्या मांडीवर मुतले हायेत. साऱ्या यवतमाळच्या बाया त्या खिडकीले रडकी खिडकी म्हणत. "कुठी भेटतं?" "रडक्या खिडकीपाशी." मंग तिथून अमरसिंगच्या हॉटेलात आलूबोंडा अन तर्री, अन टांग्यात बसून घरी.

आता ना टॉकीज, ना अमरसिंगचं हॉटेल, ना टांगे. शकुंतला रेलगाडीची शिट्टीबी बंद झाली. पण कौसल्याच्या डोक्यात सारं जिथल्या तिथं हाये. आटोवाल्याले ती अजूनबी म्हणते, "टांगा स्टँडपाशी सोड." तो म्हणते, "आजी, ते कुठी आलं?" ती म्हणते, "तू उभा हायेस तिथंच."

ह्याच्यानंच तं परवा घोटाळा झाला.

तिच्या नातवासाठी, धम्मरत्नासाठी, उमरखेडची पोरगी पाहून झालती. प्रेरणा नाव तिचं. पोट्टा असा खुश का आरशासमोरून हटे ना. अगुदर त्याचे दोन ठिकाणं मोडले होते, अन हेबी मोडलं तं पुन्हा लग्नाचं नाव काढत नाई, असं त्यानं आजीले सांगून ठेवलतं. आता पोरीवाले घर पाहाले येणार होते. तसंच पुढं जाऊन कळंबचंबी एक ठिकाण पाहून घेऊ, असं त्याइच्या मनात होतं. म्हणून कौसल्या सकाळपासून देवळातल्या घंटीसारखी हलून राह्यलती. एकदा पोह्याकडं पाहे, एकदा दाराकडं.

धम्मरत्नानं मोबाईलवर लोकेशन पाठवलं होतं. पण त्या लोकेशननं पाव्हण्याइची गाडी नेऊन घातली नालीसाठी खोदलेल्या रस्त्यावर. त्याइनं फोन लावला, तं धम्मरत्न गेलता दही आणाले अन मोबाईल घरीच चार्जिंगले. कौसल्यानं उचलला.

"जय भीम. कोण?"

"जय भीम, आजी. मी मारोती, प्रेरणाचा बाप. घरी कसं यावं लागते?"

"एकदम सोपं हाये, भाऊ. रूपबहार टॉकीजपाशी या. रडकी खिडकी दिसली का डाव्या हातानं वळा. चिचेच्या झाडाखालून सरळ."

"कोणती खिडकी?"

"रडकी. कोणालेबी इच्यारा."

मारोतीनं इच्यारलं ना मंग. पानठेल्यावर इच्यारलं, गाडीवरच्या पोट्ट्याइले इच्यारलं. एका पोलिसाले इच्यारलं तं त्यानं आधी मारोतीच्या तोंडाचा वासच घेतला.

इकडं धम्मरत्न दही घेऊन आला. "आजी, तुनं त्याइले काय सांगतलं?"

"पत्ता."

"जे हाये ते सांगाचं ना वं."

"मंग काय सांगू? इथं हाये काय?"

पोट्ट्यानं फोनावर फोन लावले. कोणी उचले ना. त्यानं गाडीले किक मारली अन पाहाले निंघाला. कौसल्या पोह्यावर ताट झाकून उंबऱ्यात बसली. तिले वाटलं, साऱ्या गावाचे लेकरं आपण संभाळले, अन आपल्याच लेकराचं लग्न आपल्या तोंडानं मोडलं.

तिकडं गाडीत काय झालं ते तिले मागून समजलं. मारोती ड्रायव्हरले म्हणे, "चाल कळंबले. ज्या घरची बुढी चळली, तिथं पोरगी कायले द्याची?"

मागच्या शिटावर त्याची माय पंचफुला डुलक्या घेऊन राह्यलती. तिनं डोळे उघडले. "कोणती खिडकी म्हणे ते?"

"रडकी."

"मंग गाडी काहून फिरवून राह्यला बे? हा उतार पाह्य. टांग्याचं घोडं इथंच घसरे. ते साडीचं दुकान दिसते ना, त्याच्या बाजूनं घाल."

लग्नानंतर ती दोन-तीन साल यवतमाळात होती, नवरा जिनिंगमंधी होता तवा. उताराच्या खुणेनं तिनं गाडी बरोबर दाराशी आणली. खाली उतरून कौसल्याच्या तोंडाकडं पाह्यत राह्यली.

"खिडकीत तूच बसत होती का वं?"

"हौ."

"मंग माहा पोट्टा बदलून देणारी तूच."

कौसल्याले सारं आठवलं. पिच्चर संपाले आलता अन लाईट गेली. बाया अंधारात घरी निंघाल्या. पंचफुला अन मुकुटबनकडची एक बाई, दोघीइचे लेकरं दवाखान्याच्या सारख्याच हिरव्या फडक्यात. कौसल्यानं हिचं तिले अन तिचं हिले देल्लं. पंचफुलानं टांगा स्टँडवर जाऊन फडकं सोडलं, तं आत पोट्टी. पळत वापस आली, तं मुकुटबनकडची ती दुसरी बाई अमरसिंगच्या हॉटेलात बसून पंचफुलाच्या पोट्ट्याले बोटानं तर्री चाटवून राह्यलती. तिथंच जिचं लेकरू तिले वापस भेटलं.

"तो पोट्टा मी का?" मारोतीनं इच्यारलं.

"तू नाई तं कोण. तर्री चाटली तवापासूनच असा तिखट हायेस."

धम्मरत्न तवाच दारात आला, अन सासरा कायले लाल झाला ते त्याले समजे ना. कौसल्या हात जोडून म्हणे, "बाई, त्याचा राग पोराइवर काढू नको."

"राग तं हायेच. लाईट आली, पिच्चर सुरू झाला, अन मी पोट्ट्यामागं पळत होती. शेवट राह्यला माहा. पिच्चरमधल्या त्या पोरीचा हरपलेला भाऊ तिले सापडते का नाई, ते सांग अगुदर."

"मले काय माहीत, बाई? मी खिडकीत. मले आवाज तेवढा ये. शेवटी रेलगाडीची शिट्टी वाजे, अन बाया डोळे पुसत बाहीर येत."

"रडत म्हणजे सापडला का नाई सापडला?"

"दोन्हीतबी रडतेतच ना, माय."

पंचफुला अशी हसली का पदर तोंडात कोंबला. मारोतीनं दोन प्लेटा पोहे खाल्ले अन तिथूनच कळंबच्या लोकाइले फोन लावला, आमचं जमलं म्हणून. लग्नाची पत्रिका धम्मरत्नानं चांगली शहरी लिवून आणली होती. पंचफुलानं त्यात टाकाले लावलं, 'रडक्या खिडकीजवळ'. नाई तं आमच्याकडचे बुढे येतीन कसे, म्हणे.

आता हे शेवटचं मोठ्या अक्षरात लिव, खुशी. मुकुटबनची ती बाई आपली पोट्टी घेऊन पुन्हा टॉकीजीत गेलती, तिनं शेवट पाह्यला हाये. तिकडचं कोणी हे वाचत असन, तं आपल्या आजीले, मावशीले इच्यारजा, अंधारात पोट्टी बदलली होती का म्हणून. सापडली तं तिले एवढा निरोप द्या: लग्नाले ये, पोट्टीलेबी आण, अन भाऊ सापडला का नाई ते पंचफुलाले सांग. उतराचं कुठी म्हणन, तं सांगा, रडक्या खिडकीपाशी.