शेवंतीचा काळोख

दिवस लहान व्हायला लागले की माळीबुवांच्या बागेतल्या घरात संध्याकाळनंतर दिवा लागायचा नाही. वीज होती, दिवेही धडधाकट होते. पण खोलीची खिडकी नेमकी बागेच्या दरवर्षीच्या प्रदर्शनासाठी लावलेल्या शेवंतीवर उघडायची, आणि शेवंतीचे नखरे काय सांगावेत! तिला कळी धरायला रात्रभर गुडूप काळोख हवा. मधेच उजेड पडला की बाईसाहेब रुसल्याच. नुसती पानं वाढवत बसायच्या.

एका वर्षी पडद्याच्या फटीतून उजेड गेला. उद्घाटनाला खिडकीकडची रांग हिरवीगार, फुलाचा पत्ता नाही. बागेच्या साहेबांनी पाहुण्यांसमोर माळीबुवांची बिनपाण्याने केली. त्यांनी जी हाय खाल्ली, ती कायमची.

बायको बिचारी अंधारात चाचपडत वाढायची. “सवत परवडली असती हो,” म्हणायची, “ती निदान दिवा तरी लावू देते.” माळीबुवा हसायचे. हसायला काय जातंय? दिवसभर कुंड्या फिरवणं, काठ्या बांधणं, वाळकी पानं खुडणं, यात त्यांचा जीव रमायचा. बायकोची नजर अधू होत चालली, ते मात्र त्यांच्या गावीही नव्हतं.

यंदा कळ्यांना रंग दिसला. एकदा रंग दिसला की उजेडाने काही बिघडत नाही. इतक्या वर्षांत हे तिलाही पाठ झालं होतं.

“अहो, रंग दिसलाय. आता लावू ना दिवा?”

“राहू दे गं. उद्घाटन होऊ दे. उगाच विषाची परीक्षा कशाला?”

तिने ऐकलं. नेहमीच ऐकायची, मेलं तेच चुकलं! त्याच संध्याकाळी पाणी प्यायला उठली आणि माळीबुवांनी दारात टाकलेल्या काठ्यांच्या मोळीला अडखळून पडली. खुब्याचं हाड मोडलं. आता चालणं विसरा, डॉक्टर म्हणाले.

प्रदर्शनाला ही गर्दी लोटली. साहेबांना बक्षिसाची ढाल मिळाली. जळो ती ढाल! दिवेलागणीला माळीबुवा घरी आले आणि अंधारातच खाटेपाशी बसले.

“फुलली?” तिने विचारलं.

“फुलली.”

“खिडकीकडची रांगसुद्धा?”

“सगळी.”

“मग लावा आता दिवा,” ती म्हणाली. “मला काही आता उठायचं नाहीये.”