डावा खांदा

"कोटाचा खांदा नाही पडलेला, तुझा पडलाय. आधी सरळ उभी राहा."

"आबा, सरळच उभी आहे हो! दवाखान्यात सगळ्या विचारतात, बाई, एका अंगाला का कललीस?"

नर्सबाई आरशासमोर उभी होती. तिच्या नव्या पांढऱ्या कोटाचा डावा खांदा चांगला अर्धा इंच खाली. शिंपीआबांनी फीत लावली, पुन्हा लावली. बाईचे खांदे फळीसारखे सरळ.

पन्नास वर्षांत आबांनी माप कधी लिहिलं नाही. गिऱ्हाईक उंबऱ्यातून आत येईतो त्याची छाती, कंबर, बाही तोंडपाठ. वहीवाल्या शिंप्यांची ते टर उडवायचे, "डोक्यात भुसा, म्हणून कागदावर पसारा." आणि आता महिन्याभरात हा तिसरा कपडा परत आला होता. तिन्ही बायकांचे. तिन्हींचा डावाच खांदा खाली.

दुपारी तासभर काजं-बटणं करून द्यायला लेक यायची. एरवी दुकानात बोलायला मशीनच. नर्सबाई कोट टाकून गेल्यावर लेक म्हणाली, "आबा, हे माप आईचं आहे."

"कुणाचं?"

"आईचं. डावखुरी होती. जन्मभर तुमची ती कोळशाची इस्त्री ओढली, खांदा पडणार नाही तर काय!"

इस्त्री अजून कोपऱ्यात होती. आबांची बायको जाऊन सहा वर्षं झालेली. तिचा चेहराही त्यांना हल्ली पटकन आठवायचा नाही. भिंतीवर फोटो होता म्हणून भागायचं. बाकी मापं बुडाला भोक पडलेल्या डब्यातून गळावीत तशी गळून गेली. हे एवढं हाताला चिकटून राहिलं, आणि हात न विचारता तेच कापत होते.

"दुकान बंद करू या आता," लेक म्हणाली. "गल्लीत हसं होतंय."

"होऊ दे. वही आण."

"वही? तुम्हाला?"

"आणतेस, का त्या भुसावाल्यांकडून मागून आणू?"

लेकीनं वही उघडली. "सांगा नर्सबाईचं."

"तिचं उद्या घेऊ. ती येईल, उभी राहील. आधी हिचं लिही. हे एकदा गेलं की घ्यायला माणूस नाही."

मग एका दमात सांगितलं. छाती, कंबर, पाठ, बाही. डावा खांदा अर्धा इंच खाली.

"वर नाव काय घालू?"

आबांनी तोंड उघडलं. नाव येईना. फोटोकडे बघितलं, तरी येईना.

"तूच घाल," ते म्हणाले. नर्सबाईचा कोट त्यांनी मांडीवर ओढला. शिवणीच्या आत दोन बोटं जादा कापडाची माया सोडलेली होती, खांदा वर घेता येत होता. ते डावी शिवण उसवायला लागले.