गाडीबाहेर लटकलेला माणूस

माझ्या नातीचं काम मी शेजारणींना समजावते तेव्हा त्यांना वाटतं, म्हातारी फेकतेय. अमेरिकेत कुणी पडलं, भाजलं, कुणाला कुत्रं चावलं, की तिथला डॉक्टर जे लिहितो ते वाचून नाशिकमध्ये बसलेल्या मुली त्याला ठरलेला कोड देतात. कुठलं हाड मोडलं त्याचा एक कोड, कसं मोडलं त्याचा दुसरा. मी जन्मभर नर्स होते, पण ‘कसं पडलात’ याची एवढी उठाठेव आम्ही कधी केली नाही. औषध लावलं, पट्टी बांधली, चला, पुढचा!

गेल्या वर्षी तिचं ट्रेनिंग संपत आलं होतं. शेवटी सरावाच्या दहा फायली दिल्या होत्या, नाव-गाव नसलेल्या. दहाच्या दहा बरोबर आल्या तर नोकरी पक्की. एक जरी चुकली तरी पुन्हा तीन महिने ट्रेनी. नऊ बरोबर निघाल्या. दहावी परत आली, वर शिकवणाऱ्या मॅडमचा शेरा : पुन्हा वाच, सहापर्यंत वेळ आहे.

रविवारची दुपार होती. घरात आम्ही तिघंच : ती, मी आणि पेपर वाचत बसलेले आमचे हे. पोरगी लॅपटॉपसमोर नखं खात बसलेली. जेवली नव्हती. “मनगटच मोडलंय, डावंच आहे, पहिल्यांदाच दाखवायला आलाय,” असं तिसऱ्यांदा पुटपुटली आणि डोळे पुसायला लागली.

“हाडाचं सोड,” मी म्हटलं. “पडला कसा ते सांग.”

“ते सोपं आहे गं. रस्त्यावरची नाही, शेताडीत-डोंगरात चालवायची गाडी असते ना, ती. तिचे कोड व्ही शहाऐंशीमध्ये येतात. भाऊ चालवत होता, शेजारी वहिनी. गाडी चरात गेली, हा पडला.”

“गाडीला सीटं किती?”

“दोन.”

“मग हा तिसरा कुठे होता?”

“कुठे म्हणजे? मागे. बंपरवर उभा, वरचा दांडा धरून. लिहिलंय इथे. चालवत नव्हता ना, मग प्रवासी. प्रवाशाचा कोड दिलाय मी.”

“अगं, मग तो गाडीत कुठाय? बाहेर लटकलाय की!”

“आजी, गाडीच्या बाहेर कोण लटकतं?”

या मुलीनं वीस वर्षांत स्कूटी, रिक्षा आणि बापाची कार यापलीकडे काही पाहिलेलं नाही. मी तिला सुरगाण्याला नेलंच नाही कधी, चूक माझीच. माझी पहिली नेमणूक तिकडची. बाजाराच्या दिवशी जीपमध्ये आत जेवढी माणसं, तेवढीच बाहेर. मागच्या पायरीवर, टपावर, बाजूच्या दांड्याला. ड्रायव्हर स्वतः अर्धा बाहेर. पण नर्सबाईला पुढची जागा राखून ठेवायची तिथली रीत होती. आधी बसलेला म्हातारासुद्धा उठून मागे जायचा.

आणि ही तेवीस वर्षांची महामाया! खळ केलेली पांढरी साडी, इस्त्री अशी कडक की बसलं तर मोडेल. एका बाजाराच्या दिवशी पुढे एक बाई कोंबड्यांची टोपली घेऊन बसली होती. ड्रायव्हर म्हणाला, “बाई, या ना पुढं, जागा हाय. कोंबड्या काय करत नाय.” मी नाक असं वर केलं की त्यातून पाऊस आत गेला असता. “मी मागे उभी राहते,” म्हटलं, आणि राणीसारखी पायरीवर चढले. दांडा एका हातानं धरलेला, दुसऱ्या हातानं निऱ्या सांभाळायच्या होत्या ना! समोरून बैलगाडी आली, जीप रस्ता सोडून भाताच्या खाचरात उतरली आणि राणीसाहेब बसल्या चिखलात, पार कमरेपर्यंत. मनगट मोडलं. कोंबड्यांना काही झालं नाही.

मी हे सांगत असताना नात हसून हसून टेबलावर आडवी. म्हटलं, “हसतेस काय, बघ तुझ्या त्या यादीत, आमच्यासारख्यांना काही जागा आहे का.”

तिनं यादी खाली खाली नेली. मग किंचाळली, “आहे! चालवणारा वेगळा, आतला वेगळा आणि गाडीच्या बाहेरचा माणूस वेगळा! आजी, बाहेरच्याला खरंच कोड आहे!”

मला तर इतका आनंद झाला की विचारू नका. एवढ्या मोठ्या देशात आमच्यासारख्या लटकणाऱ्यांची कुणी दखल घेतलीय! “मग मला पण लाव,” मी म्हटलं.

“तुझ्या केसपेपरवर काय लिहिलं होतं? आम्ही लिहिलेलंच धरतो.”

इथे मी अडकले. केसपेपर मीच भरला होता, उजव्या हाताला फळी बांधलेली म्हणून डाव्या हातानं : विहिरीवर पाय घसरून पडली. लग्नाची बोलणी चालू होती, नर्सबाई जीपला लटकते हे कळलं तर!

खिडकीशी बसलेल्या यांनी पेपर खाली घेतला.

“म्हणजे विहीर नव्हती?”

“नव्हती हो.”

“लग्नानंतर एकलहऱ्याच्या क्वार्टरमध्ये वर्षभर विहिरीवरून हंडे कुणी वाहिले? मी! तू घसरशील म्हणून! सगळी कॉलनी मला हसायची!”

“मला वाटलं, तुम्हाला आवडतं,” मी म्हटलं. तेव्हा खरंच असंच वाटत होतं मला. एवढी मी शहाणी. हे रागानं आत गेले आणि आतून यांच्या हसण्याचा आवाज यायला लागला.

नातीनं मात्र तोवर डॉक्टरचं लिखाण पुन्हा पहिल्या ओळीपासून वाचलं, या वेळी बोट ठेवून. रस्ता की शेत? शेत. आत की बाहेर? बाहेर. कोड बदलला, डोळे मिटले आणि बटण दाबलं. सहाला वीस मिनिटं होती. ती वीस मिनिटं आम्ही दोघी त्या पडद्याकडे अशा बघत होतो, जणू दूध उतू जाणार आहे.

उत्तर आलं ते दोन ओळींचं. फाईल बरोबर आहे. उद्यापासून तू टीममध्ये.

तिनं पहिला फोन बापाला लावला. तो सातपूरला शिफ्टवर, मागे मशीनचा खडखडाट. “पप्पा, झालं!” ती ओरडली. त्याला ऐकू जाईना. मग ती गॅलरीत जाऊन इतक्या जोरात ओरडली की खालच्या मजल्यावरच्या वहिनींनी वर बघून विचारलं, “काय गं, लग्न ठरलं का?”

“नाही काकू,” पोरगी म्हणाली, “नोकरी!”