आजूर महिन्यात जन्मलेला उमेदवार

हे मी कुणालाच सांगितलेलं नाही. म्हणजे — अर्धं सांगितलंय, आणि तेही इतक्यांदा, इतकं रंगवून, की धाराशिवात मला ओळखणाऱ्या प्रत्येकानं ते ऐकलं असेल. वय वाढवून मागायला आलेल्या मियाँचा किस्सा! लोक फर्माईश करतात. मी उठतो, टोपी तिरकी करतो, दोघांचेही आवाज काढतो. हशा ठरलेला. आज उरलेलं अर्धं सांगतो.

निजामाचं राज्य भारतात विलीन झाल्यानंतरची वर्षं. मी जिल्ह्याच्या कचेरीत कारकून. गावोगाव शाळा निघत होत्या, मास्तर हवे होते, आणि उमेदवारांची यादी लावायचं काम माझ्याकडं — जुने उर्दू दाखले वाचून मराठीत उतरवणारा तिथं मी एकटाच. नियम दोन. गुण जास्त तो वर. गुण सारखे असले तर वयानं मोठा तो वर. बाकीचे कारकून आधी गुणांचे ढीग करायचे, मग एकेक ढीग वयानं लावत घाम पुसायचे. मी? मी उलटा जायचो! प्रत्येक उमेदवाराचं एक कार्ड. आधी सगळी कार्डं नुसत्या वयानं लावायची, थोरला वर. मग तीच गड्डी गुणांनी लावायची — फक्त सारख्या गुणांच्या कार्डांचा आपसातला क्रम मोडायचा नाही. बस्स! बरोबरीतले आपोआप थोरले-धाकटे लागलेले. बघायला माणसं जमायची. साहेबसुद्धा यायचे. जादूगार म्हणायचे मला. काय तो माज, काय सांगू तुम्हाला!

दाखल्यांवर जन्म असायचा फसली सालात. निजामाच्या अमलातलं ते साल आजूर महिन्यानं, म्हणजे ऑक्टोबरात सुरू व्हायचं. इंग्रजी साल काढायला फसली सालात पाचशे एक्क्याण्णव मिळवायचे. ऑक्टोबर ते डिसेंबरात जन्मलेल्यांना मात्र एक कमी. मला हे माहीत नव्हतं का? उत्तम माहीत होतं. पण त्या दिवशी भोवती माणसं होती, मी आकडे तोंडानं भराभर फेकत होतो — आणि सगळ्यांनाच पाचशे एक्क्याण्णव मिळवत गेलो.

यादी लागली. शेवटच्या जागेसाठी बेंबळी गावचे दोघं गुणांत बरोबरीत होते — लिंबाजी आणि अमीन पिंजारी. लिंबाजी आत, अमीन बाहेर. दुसऱ्या दिवशी अमीन कचेरीत आला. धुतलेला सदरा, हातात दाखला.

“साहेब, मी लिंबाजीहून लहान कसा? त्यो माझ्या मागच्या वर्गात व्हता. तुमी एकदा बघता का?”

“अहो मियाँ!” — सगळ्यांना ऐकू जावं म्हणून मी आवाज चढवला — “दुनिया वय चोरते, आणि तुम्ही वाढवून मागताय? दाढी पांढरी करून देऊ का?”

कचेरी हशानं फुटली. शिपाई भिंतीला टेकून हसला. अमीनही हसला — का हसला असेल तो? — दाखल्याची घडी घातली, “बरं साहेब” म्हणाला आणि गेला.

किस्सा मी इथं संपवतो. इथंच वाकून सलाम करतो.

पण तो गेल्यावर मी त्याचं कार्ड काढलं होतं. माझ्याच अक्षरात महिना लिहिलेला — आजूर. म्हणजे ऑक्टोबर; एक कमी करायचा राहिला होता. बोटांवर मोजलं. पुन्हा मोजलं. तो लिंबाजीहून दहा महिन्यांनी मोठा होता.

नेमणुकीचे हुकूम निघायला आठ दिवस होते. एक नाव वर, एक नाव खाली — एवढंच करायचं होतं. पण मग साहेबांना काय सांगायचं? जादूगाराला महिना वाचता आला नाही? आणि ज्याला भर कचेरीत हसलो, तोच खरा होता? मी कार्ड गड्डीत सारलं आणि सुतळी बांधली. आठ दिवस ती गड्डी माझ्या टेबलावर होती. मी ती सोडली नाही.

पुढच्या साली अमीननं पुन्हा अर्ज केला. या खेपेला तारखा दुसऱ्या कारकुनानं काढल्या — बरोबर काढल्या. अमीन वयाच्या अटीबाहेर गेला होता. दोन महिन्यांनी. माझं चुकीचं साल धरलं असतं तर आत बसला असता! नामंजुरीचं पत्र मीच लिहिलं. अक्षर चांगलं ना माझं.

गेल्या वर्षी बायकोनं गाद्या पिंजायला माणूस बोलावला. तो अमीन निघाला. पापण्यांवर कापूस बसलेला. अंगणात आमची मुलगी गणित घेऊन बसली होती. हातातलं काम थांबवून त्यानं तिला ते सोडवून दाखवलं. बायको म्हणाली, “अमीनभाई, तुम्ही मास्तरच व्हायचं होतं.”

“व्हायचं तर लई व्हतं वहिनी,” तो म्हणाला. “पर एका साली लहान निघालो, दुसऱ्या साली म्हातारा. सरकारची चूक न्हाय, आपलंच नशीब वाकडं.”

मी आतल्या खोलीत होतो, दाराला कडी घालून. शब्द न् शब्द ऐकू येत होता. तो गेल्यावर बाहेर आलो.

गाद्या मऊ झाल्यात. मी त्यांच्यावर झोपतो. झोप लागते.