बोलणाऱ्याचं नाव मोठं

रविवार, आठ जून. परदेशातल्या पापाटोएटो उपनगरात, ताईच्या घरी हजर: ताई, तिचा मुलगा निखिल आणि मी. भावजींना, म्हणजे ताईच्या यजमानांना, जाऊन सहा आठवडे झाले होते. कपडे आणि औषधं सकाळीच उरकली. यादीत उरलं ते त्यांच्या पुस्तकाचं हस्तलिखित.

गेलेल्या माणसाबद्दल चांगलं लिहावं म्हणतात. मला ते जमणार नाही.

भावजींनी वीस वर्षं एका जपानी नटाचा ध्यास घेतला होता. मूकपटांच्या सुरुवातीच्या काळात तिथे बायकांची कामं पुरुष करत, हा त्यांतलाच. रंगभूमीवरून आला, नायिका म्हणून गाजला. मग पडद्यावर खऱ्या स्त्रिया आल्या आणि याच्या वाट्याला सासवा, म्हाताऱ्या, शेवटी गर्दीतली एक बाई... ध्यास भावजींचा, जपानी मात्र ताईचं. पुण्यात शिकलेलं, नोकरीत मुरलेलं. जुन्या मासिकांचं पानन् पान तिने शनिवार-रविवार मोडून मराठीत आणलं.

तिकडे मूकपट चालू असताना पडद्याशेजारी एक निवेदक उभा राहून सगळ्या पात्रांचे आवाज काढत असे. भावजींनी तेच इथल्या ओटाहुहु उपनगरातल्या एका हॉलमध्ये मराठीत केलं. आवाज चांगला होता, हे मान्य. नायिका मरताना मीसुद्धा रडले. पण ते बोलत होते तो शब्दन् शब्द ताईने लिहिलेला होता, आणि ती खाली बसून टॉर्चच्या उजेडात त्यांची पानं उलटत होती. नंतर कोणीतरी विचारलं, "भाषांतर कोणाचं?"

"आमच्याकडे कामाची वाटणी आहे," भावजी म्हणाले. "बोलायचं मी, चहा हिचा!"

हॉल हसला. ताईही हसली... तिच्यावरचा माझा राग दोन दिवसांत गेला. त्यांच्यावरचा अजून आहे.

हस्तलिखितात एक अख्खं प्रकरण याच विषयावर आहे: जाहिरातींत निवेदकाचं नाव ठळक, नटाचं बारीक, केवढा हा अन्याय! भावजींनी सांगितलं, ताईने लिहून घेतलं. आणि पहिल्या पानावर नाव एकट्या भावजींचं.

"इथे तुझं नाव घाल," मी ताईला म्हणाले.

"मावशी, इट्स डॅड्स बुक," निखिल म्हणाला.

"तुझ्या डॅडला जपानीत पाणी तरी मागता येत होतं का रे?"

"फेअर इनफ," तो म्हणाला.

"राहू दे गं," ताई म्हणाली. "लोक म्हणतील, नवरा गेला नि ही नाव लावायला बसली."

"कोण लोक? सांग, लिहून घेते."

ती पानं चाळत राहिली आणि शेवटच्या प्रकरणाशी थांबली. 'नटाने मानाने निवृत्ती घेतली,' असं तिथे भावजींनी घातलं होतं.

"चूक आहे हे. त्याला काढून टाकलं होतं. मासिकात स्पष्ट छापलंय. यांना दहादा सांगितलं मी." तिने पेन घेऊन ओळ खोडली, वर बारीक, सुबक अक्षरात खरं काय ते लिहिलं, खाली मासिकाचा संदर्भ दिला. मग पेनला टोपण लावून चहा ठेवायला उठली.

पुण्याच्या प्रकाशकांना शुक्रवारी प्रत पाठवायची आहे. पहिलं पान अजून तसंच आहे.