तिसऱ्या टेकला वाजलेली सलामी

भुताखेतांवर माझा काडीचा विश्वास नाही. असले किस्से सांगणाऱ्यांना मी तोंडावर थापाडे म्हणत आलोय... तेव्हा तुम्ही मला तसं म्हटलंत तरी हरकत नाही.

ग्वाल्हेरच्या दरबारी बँडमध्ये मी क्लॅरिनेट वाजवायचो. संस्थान विलीन झालं, बँड मोडला. आम्ही पाच जणांनी आपली पार्टी काढली आणि मुंबईला एका सिनेमाचं पार्श्वसंगीत मिळवलं. हे पसंत पडलं तर पुढचे सिनेमेही तुमचेच, असं संगीतकारानं कबूल केलं होतं. नोकरी गेलेली, घरात दोन लेकरं — मला ते काम हवंच होतं.

बँडमधले आमचे सहावे सोबती तात्या. त्यांचं कॉर्नेट, म्हणजे लहानशी पितळी तुतारीच. महाराज दारात आले की तात्या त्यावर चार सूर द्यायचे. ते कानावर पडले की वाजतंय ते जागीच तोडायचं, उठून उभं राहायचं आणि सलामी वाजवायची. पंधरा वर्षं हेच केलं आम्ही. पण आता तात्यांचे पुढचे दात पडले होते, नुसती हवाच निघायची. तरी मुंबईला येतो म्हणून पिच्छाच पुरवला त्यांनी. शेवटी इंदरगंजच्या चौकात, चार लोकांदेखत, मीच त्यांना घरी बसा म्हणून सांगितलं. वाईट बोललो, ठाऊक आहे मला.

ते एवढंच म्हणाले, "माझ्याशिवाय वाजवून दाखव."

मुंबईत भर दुपारी तिसरा टेक झकास चालला होता... आणि कॉर्नेट वाजलं. चार सूर, अगदी स्वच्छ. आम्ही पाचही जण ताडकन उठलो आणि सलामी सुरू केली. पडद्यावर हिरो मरतोय, आणि इकडे आमची सलामी! संगीतकार शिव्या देतच आला. कॉर्नेटचं सांगितलं, तर म्हणाला पिऊन आलात काय. मग रेकॉर्डिंग परत लावलं. चारही सूर त्यात होते. बाहेरचा माणूस लपवून आणला म्हणून त्यानं आम्हाला त्याच दिवशी हाकललं.

ग्वाल्हेरला पाचही जण एकाच गाडीनं उतरलो. मी स्टेशनवरून तडक मुरारला तात्यांच्या घरी गेलो, भांडायलाच. काकू म्हणाल्या, हे तर महिनाभर खाटेवरून उठलेले नाहीत, आणि कॉर्नेट तुम्ही जायच्या आधीच नया बाजारात विकून टाकलं. मी आत गेलो. मी तोंड उघडायच्या आत तात्यांनी विचारलं,

"उठून उभे राहिलात ना रे सगळे?"

पुढे पार्टी मोडली. मी कारकून झालो, नवं राज्य झालं तेव्हा कचेरीबरोबर भोपाळला गेलो. क्लॅरिनेटला परत हात लावला नाही. ते सूर कुठून आले, तात्यांना कसं कळलं — मला आजही सांगता येत नाही, आणि कुणी सांगायला आलं तर मी ऐकूनही घेत नाही. त्या माणसानं माझं वाटोळं केलं, एवढंच मला कळतं.

त्या दिवशी खोटं बोलता आलं असतं. पण मी "हो तात्या" म्हणालो. त्यांचा चेहरा असा काही खुलला, की मला तिथंच त्यांचा गळा धरावासा वाटला.