केरसुणी पुढे धरून

ऐंशी सालानंतरच्या सुरुवातीच्या वर्षांत मी अंबडच्या एका कारखान्यात सुपरवायझर होतो. तिथल्या भट्टीला हायड्रोजन लागायचा. सगळ्यांत हलका वायू. रंग नाही, वास नाही. शुद्ध हायड्रोजन पेटला तर दिवसाउजेडी त्याची ज्योत दिसत नाही, आणि अगदी जवळ जाईपर्यंत धगही फारशी लागत नाही. म्हणून त्या वायूच्या नळीकडे जाताना आम्ही केरसुणी छातीसमोर धरून चालायचो. समोर काहीच दिसत नसताना तिचं टोक पेटलं, की जागीच थांबायचं.

दिवाळीनंतरच्या पहिल्या पाळीत भट्टी सुरू केली आणि नळीकडून बारीक फुसफुस ऐकू आली. खिडकीतून स्वच्छ ऊन आलं होतं. भट्टीवरचे काका, लासलगावकडचे, केरसुणी आणायला गेले आणि रिकाम्या हातानं परतले. जुनी सणाआधी टाकून दिली होती. नवीवर लक्ष्मीपूजनाचं हळदकुंकू होतं.

"लक्ष्मीला आगीत घालू व्हय, सायेब? लय पाप लागंल."

दुसरं काहीतरी शोधता आलं असतं. व्हॉल्व्ह तर माझ्या हाताशीच होता. पण मला गंमत सुचली.

"मग तुमच्या मिशा धरा पुढं."

"त्या बायकोच्या मालकीच्या हायेत," म्हणत ते हसले आणि उजवा हात पुढे करून निघाले.

नळीशी पोचले आणि त्यांची बाही काळी पडू लागली. ज्योत नाही, धूरही जेमतेम. उन्हात नुसता हात, आणि त्याची कातडी आकसत चाललेली. क्षणभर तेही बघतच राहिले, हात दुसऱ्याच कुणाचा असावा तसे. मग ओरडले. मी व्हॉल्व्ह बंद केला, फुसफुस थांबली. नळीवरच्या थंड पत्र्यावर पाण्याचे थेंब जमले होते. हायड्रोजन जळला की पाणी होतं, हे मी कॉलेजात शिकलो होतो. त्या थेंबांकडे मला बघवेना.

काही महिन्यांनी काका कामावर आले. उजव्या हाताची बोटं नीट वाकत नव्हती. मी काय बोललो होतो, हे त्यांनी वर कुणालाच सांगितलं नव्हतं. नळी तपासायची वेळ आली तेव्हा मी केरसुणी मागितली. त्यांनी ती कपाळाला लावली, "माफ कर, बाई," असं पुटपुटले आणि डाव्या हातात घट्ट धरली.

"तुम्ही मागं ऱ्हावा, सायेब. तुम्हाला नाय जमायचं."

मी हट्ट धरायला हवा होता. पण त्या रिकाम्या उन्हाची मला भीती वाटत होती. मी मागे राहिलो.